आनंदघन : नावाआडचे कर्तृत्व

महाराष्ट्र दिन असो, शिवजयंती असो की महाविद्यालयाचे स्नेहसंमेलन, दोन गाणी हमखास वाजतात. एक ‘मराठी पाऊल पडते पुढे’ आणि दुसरे ‘शूर आम्ही सरदार’. आमच्या चंद्रपूर-गडचिरोलीकडच्या शाळा-महाविद्यालयांतही हा शिरस्ता तितकाच पक्का आहे. फेटे बांधलेली, हातात लाकडी तलवारी घेतलेली मुले रंगमंचावर येतात, निवेदक ‘मर्दानी’, ‘रांगडे’ अशी विशेषणे उधळतो आणि गाणे सुरू होते. या मर्दानी गाण्यांची गंमत अशी, की दोन्हींचे शब्द एका स्त्रीने लिहिले आहेत आणि दोन्हींची चाल दुसऱ्या एका स्त्रीने बांधली आहे. शब्द शांता शेळके यांचे, संगीत ‘आनंदघन’ यांचे. आणि आनंदघन म्हणजे लता मंगेशकर.

हे काही गुपित राहिलेले नाही. ‘आनंदघन हे कोणाचे टोपणनाव?’ असा प्रश्न विचारला तर स्पर्धापरीक्षेची तयारी करणारा कोणताही विद्यार्थी क्षणात उत्तर देईल. परंतु माहिती असणे वेगळे आणि त्या माहितीचा अर्थ लावणे वेगळे. लताबाईंच्या निधनाला आता काही वर्षे लोटली आहेत (६ फेब्रुवारी २०२२). त्यानिमित्ताने मराठीत जे विपुल लेखन झाले, त्यात त्यांच्या आवाजावर पानेच्या पाने आहेत. आनंदघनच्या वाट्याला मात्र बहुधा एखादा परिच्छेद, तोही ‘त्यांनी काही चित्रपटांना संगीतही दिले’ अशा थाटाचा. या वाक्यातील ‘ही’ या एका अक्षरावर मला बोलायचे आहे. माझे म्हणणे थोडक्यात असे, की गाणारी स्त्री आपण मनापासून स्वीकारली, पण गाणे रचणारी स्त्री आपल्याला अद्याप नीट दिसलेली नाही. ती समोर असली तरी आपण तिच्या रचनेचे श्रेय तिच्या आवाजात विरघळवून टाकतो.

आधी हकीकत पाहू. २८ सप्टेंबर १९२९ रोजी इंदूरला जन्मलेली ही मुलगी मास्टर दीनानाथांची थोरली लेक. दीनानाथ हे नुसते गायकनट नव्हते. ‘बलवंत संगीत मंडळी’चे चालक होते आणि नाटकातील पदांना आक्रमक, अनपेक्षित वळणाच्या चाली देण्याबद्दल त्यांची ख्याती होती. चाल कशी बांधली जाते, ती कुठे मोडावी आणि कुठे सावरावी, हे त्या घरात रोज कानांवर पडत होते. २४ एप्रिल १९४२ रोजी दीनानाथ गेले, तेव्हा लताबाईंना तेरावे वर्ष चालू होते. मागे आई, तीन बहिणी आणि एक भाऊ. मास्टर विनायकांच्या आश्रयाने चित्रपटांत लहानसहान भूमिका, मग कोल्हापूर, मग मुंबई, हा पुढचा प्रवास सर्वांना ठाऊक आहे. त्यातील कोल्हापूर येथे महत्त्वाचे, कारण तेथील भालजी पेंढारकरांशी मंगेशकर कुटुंबाचा जिव्हाळा अखेरपर्यंत टिकला.

साठीच्या दशकाच्या आरंभी भालजींना आपल्या चित्रपटासाठी संगीतकार मिळेना. जे हवे होते ते कामात बुडालेले. तेव्हा ‘मी करू का?’ असे लताबाईंनी विचारले. भालजींना आनंद झाला, पण काळजीही वाटली. देशभर नाव झालेली गायिका. चित्रपटाचे संगीत पडले तर त्या नावाला बट्टा लागेल. त्यावर टोपणनावाचा तोडगा निघाला, अशी हकीकत सांगितली जाते. नाव समर्थ रामदासांच्या काव्यातून घेतले : आनंदघन. त्याआधी दिनकर द. पाटलांच्या ‘राम राम पाव्हणं’ला लताबाईंनी संगीत दिलेले होते, म्हणजे हा अगदीच पहिला प्रयत्न नव्हता. आनंदघन या नावाने मात्र भालजींचे चार चित्रपट झाले : ‘मोहित्यांची मंजुळा’ (१९६३), ‘मराठा तितुका मेळवावा’, ‘साधी माणसं’ (१९६५) आणि ‘तांबडी माती’ (१९६९). यांपैकी ‘मराठा तितुका मेळवावा’ हे शीर्षकही रामदासांचेच. त्यानंतर आनंदघन थांबला.

‘साधी माणसं’ला राज्य शासनाचे अनेक पुरस्कार मिळाले. उत्कृष्ट संगीतकाराचा पुरस्कार आनंदघनला, उत्कृष्ट पार्श्वगायिकेचा लता मंगेशकर यांना. समारंभात आनंदघनचे नाव पुकारले गेले, कोणीच उठले नाही आणि मग व्यासपीठावरून सांगण्यात आले की आनंदघन याच सभागृहात बसल्या आहेत. हा किस्सा आपण हसत हसत सांगतो. लताबाईंच्या विनयाचा दाखला म्हणून तो सांगितला जातो आणि तो विनय खराच होता. पण त्या प्रसंगाकडे जरा वेगळ्या बाजूने पाहावे. एकाच चित्रपटातील एकाच व्यक्तीच्या दोन कामांना दोन पुरस्कार मिळाले. गाण्याच्या पुरस्कारासाठी ती सहज उभी राहू शकत होती. रचनेच्या पुरस्कारासाठी मात्र तिची ओळख दुसऱ्याला करून द्यावी लागली.

आता कामाविषयी. हे चार चित्रपट म्हणजे हौशी गायिकेची फावल्या वेळची करमणूक नव्हे, हे गाणी नुसती एकामागून एक ऐकली तरी कळते. ‘ऐरणीच्या देवा’ घ्या. जगदीश खेबुडकरांचे शब्द, पडद्यावर लोहाराच्या भट्टीपुढे राबणारे जोडपे. ऐरणीवर पडणारा घाव आणि भात्याचा श्वास यांची लय या गाण्याच्या पायातच घातलेली आहे. चाल मोजक्या स्वरांत फिरते, ताना-मुरक्यांचा मोह टाळते. ज्या गळ्याला तिन्ही सप्तके मोकळी होती, त्या गळ्याच्या मालकिणीने स्वतःसाठी चाल बांधताना स्वतःच्या गळ्याची श्रीमंती दाखवली नाही. लोहाराच्या बायकोला जेवढे शोभेल तेवढेच दिले. गायिका म्हणून मिळणारी वाहवा रचनाकार म्हणून नाकारणे, हा निर्णय आहे. निर्णय बुद्धीतून येतो. गळा निर्णय घेत नाही.

किंवा ‘रेशमाच्या रेघांनी’ घ्या. शब्द शांता शेळके यांचे, आवाज आशा भोसले यांचा, संगीत आनंदघनचे. लावणी हा मराठीतील असा प्रकार, की स्त्रीने नाचायचे आणि गायचे, रचायचे मात्र बहुतेक वेळा पुरुषाने. होनाजी, रामजोशी, परशराम, सगनभाऊ, प्रभाकर, अनंतफंदी ही परंपरेची नावे आठवावीत. स्त्रीच्या मनातील शृंगार शतकभर पुरुषांनीच कल्पिला आणि तिच्या तोंडी घातला. या गाण्यात मात्र शब्द, स्वर आणि चाल हे तिन्ही स्त्रियांचे आहेत. मराठी चित्रपटातील लावणीच्या इतिहासात ही घटना थांबून नोंदवावी अशी आहे. तशी ती नोंदवली गेली नाही, याचे एक साधे कारण हे, की श्रेयनामावलीत संगीतकाराचे जे नाव होते त्यातून ती स्त्री आहे हे कळतच नव्हते.

मर्दानी गाण्यांबाबतही तेच. ‘शूर आम्ही सरदार’ हृदयनाथांच्या आवाजात आपल्या मनात इतके रुजले आहे, की त्यामागे स्त्रीची रचनाबुद्धी असू शकेल ही शंकाही येत नाही. वीररस हा पुरुषांचा प्रांत आणि करुण, वात्सल्य हे स्त्रीचे, अशी वाटणी आम्ही वर्गात रसव्यवस्था शिकवताना नकळत करत असतो. शांताबाई आणि लताबाई यांनी या वाटणीला न सांगता, न भांडता छेद दिला. ज्या गाण्यांवर आपली मुले छाती फुगवून पावले टाकतात, त्या पावलांची लय एका बाईने मोजून दिलेली आहे.

मग हे सारे ‘त्यांनी संगीतही दिले’ या वाक्यात का मावते? माझ्या मते याचे उत्तर आपण स्त्रीच्या गाण्याचे कौतुक ज्या भाषेत करतो त्या भाषेत आहे. गानकोकिळा, स्वरलता, कंठात सरस्वती, दैवी देणगी. ही सगळी स्तुती आहे, पण त्यातील प्रत्येक शब्द गाणे हे गाणारीचे काम नसून तिच्या ठायी घडणारी गोष्ट आहे असे सुचवतो. देणगी देवाची, ती फक्त वाहक. कोकिळा गाते कारण ती कोकिळा आहे. तिला चाल लावावी लागत नाही. (वास्तविक निसर्गात तो लांबवर घुमणारा कुहूकार नराचा असतो, हा भाग आणखी निराळा!) अठरा-अठरा तास ध्वनिमुद्रणासाठी उभे राहण्याचे कष्ट, अमान अली खाँसाहेबांकडची तालीम, उर्दू उच्चारांसाठी घेतलेली मेहनत हे सारे या ‘देणगी’खाली झाकले जाते. आवाजाच्या बाबतीत एवढे झाकले जात असेल, तर रचनेच्या बाबतीत काय होईल? रचना म्हणजे तर उघड उघड निर्णयांची मालिका. वादकांना काय हवे ते सांगणे, नको ते गाळणे, गायकाला थांबवून पुन्हा गायला लावणे. तेथे अधिकार लागतो. दैवी देणगी असलेल्या बाईला आपण हात जोडतो. अधिकार गाजवणाऱ्या बाईकडे आपण जरा बिचकून पाहतो.

भाषेचा विषय निघाला म्हणून एक निरीक्षण. गायक-गायिका, लेखक-लेखिका, कवी-कवयित्री, अभिनेता-अभिनेत्री या जोड्या मराठीत सहज रुळल्या. ‘संगीतकार’ला मात्र जोडीदारीण नाही. कादंबरीकार, नाटककार, चित्रकार, शिल्पकार यांनाही नाही. ‘-कार’ म्हणजे करणारा, घडवणारा. यावर कोणी म्हणेल की हे शब्द उभयलिंगी आहेत, आणि म्हणून उलट अधिक उदार आहेत. ते मला मान्य आहे. भाषेला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्याची मला घाई नाही. तरीही ‘मराठी संगीतकार’ असे म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढे कोणाचा चेहरा येतो, हे प्रत्येकाने आपापल्या मनाशी तपासून पाहावे. शब्द मोकळा असतो. त्यातून दिसणारे चित्र मोकळे असतेच असे नाही.

आता आक्षेपांचा विचार करायला हवा, कारण ते दुबळे नाहीत.

पहिला आक्षेप असा, की टोपणनाव ही मराठीतील जुनी आणि प्रतिष्ठित प्रथा आहे. केशवसुत, गोविंदाग्रज, बालकवी, कुसुमाग्रज यांच्यावर कोणी अन्याय केला होता? शांताबाईंनीही चित्रपट सेन्सॉर मंडळाशी संबंध असताना ‘डॉ. वसंत अवसरे’ या नावाने गीते लिहिली. तेथे कारण व्यावहारिक होते. हे खरे आहे. पण या नावांत एक फरक आहे. गोविंदाग्रज हे नाव गडकऱ्यांच्या कवित्वाला वाढवते. नाटककार गडकरी आणि कवी गोविंदाग्रज हे दोघेही आपल्या इतिहासात पुरती जागा घेऊन बसले आहेत. आनंदघनने लता मंगेशकर या नावाला सुरक्षित ठेवले आणि स्वतः मात्र कोड्यातले उत्तर होऊन राहिला. दोन्ही स्त्रियांनी निवडलेली नावे पुल्लिंगी वळणाची आहेत, हेही ध्यानात घ्यावे. त्यामागे हेतू असेल असे मी म्हणत नाही. परिणाम काय झाला, एवढेच म्हणतो.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. लता मंगेशकर या साठच्या दशकात त्या क्षेत्रातील सर्वांत सामर्थ्यवान व्यक्तींपैकी एक होत्या. त्यांना कोण अडवणार होते? नाव त्यांनी स्वतः निवडले, संगीत देणे त्यांनी स्वतः थांबवले, गायनाच्या व्यापात दोन्ही गोष्टी जमणे अवघड होते. हेही सगळे खरे. त्यांना अबला ठरवणे हास्यास्पद होईल. परंतु नेमका येथेच माझा मुद्दा सुरू होतो. त्याच काळात सुधीर फडके गातही होते आणि संगीतही देत होते, दोन्ही एकाच नावाने. हेमंतकुमार तेच करत होते. पुढे हृदयनाथांनीही तेच केले. चाल पडली म्हणून बाबूजींच्या गाण्याला बट्टा लागेल, अशी काळजी कोणाला वाटल्याचे ऐकिवात नाही. पुरुषाच्या बाबतीत गायन आणि रचना या एकाच प्रतिभेच्या दोन बाजू मानल्या गेल्या. सर्वांत सामर्थ्यवान स्त्रीच्या बाबतीतही रचना हा तिच्या खऱ्या ओळखीला असलेला धोका वाटला. अडवणारा माणूस समोर नसतानाही वाट अडलेली असू शकते.

याच घरातील आणखी एक उदाहरण बोलके आहे. मीना खडीकर यांनी संगीत दिले ते स्वतःच्या नावाने. ‘सांग सांग भोलानाथ’ न ऐकता मोठे झालेले मराठी मूल विरळाच. पण मीनाताईंचे नाव रुजले ते मुख्यतः बालगीतांत. मुलांसाठी चाल बांधणे हे आईच्या अंगाईचे पुढचे पाऊल मानले गेले. तेथे स्त्रीच्या नावाने कोणाच्या भुवया उंचावल्या नाहीत. स्वयंपाकघरातून अंगणापर्यंत यायला परवानगी होती, रस्त्यावर यायला वेगळे नाव लागत होते, असे कोणी म्हटले तर ते अगदीच अतिशयोक्त ठरणार नाही.

लताबाईंच्या आधीची पिढी पाहिली तर हा प्रश्न एकट्या घराचा नव्हता हे दिसते. मुंबईत १९१२ साली पारशी कुटुंबात जन्मलेल्या खुर्शीद मिनोचर-होमजी या भातखंडे परंपरेत शिकलेल्या. नभोवाणीचे युग मुंबईत नुकतेच सुरू झाले होते, तेव्हा त्या आणि त्यांच्या भगिनी माणेक ‘होमजी सिस्टर्स’ म्हणून कार्यक्रम करत. हिमांशू राय यांनी दोघींना बॉम्बे टॉकीजमध्ये आणले. १९३५च्या ‘जवानी की हवा’च्या वेळी पारशी समाजातून मोठा विरोध झाला आणि खुर्शीदच्या सरस्वतीदेवी झाल्या, माणेकच्या चंद्रप्रभा. ‘अछूत कन्या’ (१९३६), ‘कंगन’ (१९३९), ‘झूला’ (१९४१) हे चित्रपट सरस्वतीदेवींच्या संगीताचे. देविका राणी आणि अशोककुमार हे मुळात गाणारे नव्हेत. त्यांना झेपतील, तरी गोड वाटतील अशा चाली बांधायच्या आणि त्यांच्याकडून त्या बसवून घ्यायच्या, हे काम या बाईंनी केले. आज ती गाणी ओळखली जातात अशोककुमार-देविका राणींची म्हणून. ‘जीवन नैया’तील त्यांचे एक गीत किशोरकुमारांनी १९६१मध्ये ‘झुमरू’त पुन्हा गायले, आज ते बहुतेकांना किशोरकुमारांचेच वाटते. १९८० साली सरस्वतीदेवी गेल्या, तेव्हा त्या जवळपास विस्मरणात गेलेल्या होत्या.

हे केवळ आपल्याकडचे आहे असेही समजू नये. डेन्मार्कच्या नॅन्सी दालबर्ग (१८८१–१९४९) यांना पियानोवादक व्हायचे होते. वडिलांनी संगीतविद्यालयात जाऊ दिले नाही, पुढे हाताच्या दुखण्याने वादनाची वाटही बंद झाली. तेव्हा त्या रचनेकडे वळल्या. कार्ल नील्सन या त्यांच्या देशाच्या सर्वांत मोठ्या संगीतकाराकडे शिकल्या आणि १९१७ साली त्यांनी सिंफनी पूर्ण केली. सिंफनी लिहिणाऱ्या त्या पहिल्या डॅनिश स्त्री. याच काळात नील्सनच्या ‘अलादीन’ या नाटकाच्या संगीताचे वाद्यवृंदासाठी लेखन करण्यात त्यांचा हात होता. ‘अलादीन’ आजही जगभर वाजते, नील्सनच्या नावाने, आणि ते योग्यच आहे. पण दालबर्गबाईंची स्वतःची सिंफनी किती वेळा वाजते? देश दूरचा, संगीत वेगळे, धर्म वेगळा. हकीकत मात्र ओळखीची. वाद्य वाजवणाऱ्या बाईसाठी दिवाणखाना होता. रचणाऱ्या बाईसाठी खुर्ची शोधावी लागत होती.

आता आमच्या मुलखाकडे वळतो. झाडीपट्टीत दिवाळीनंतर धान घरात आले, की नाटकांचा हंगाम सुरू होतो. वडसा ही या रंगभूमीची राजधानी. रात्रभर चालणाऱ्या या नाटकांत गाणे हा जीव असतो आणि रंगमंचासमोर बसलेला ऑर्गनवादक हा त्या जिवाचा राखणदार. दंडारीच्या काळात स्त्रीची भूमिका पुरुष करीत. पुढे स्त्रिया रंगमंचावर आल्या, नावारूपाला आल्या, त्यांच्या नावावर तिकिटे खपू लागली. हा बदल लहान नाही. पण ऑर्गनवर बसलेली स्त्री माझ्या पाहण्यात नाही. म्हणजे रंगमंचाच्या काठापर्यंत ती पोचली. काठाखाली, जेथून गाण्याची पट्टी आणि लय ठरते, तेथे अजून पोचायची आहे.

आणि तरीही या जंगलपट्टीत चाली बांधणाऱ्या स्त्रिया नाहीत असे कोण म्हणेल? आषाढात रोवणे सुरू झाले, की चिखलात वाकलेल्या बायांच्या तोंडून बांधीबांधीतून गाणी उमटतात. माडिया-गोंड पाड्यांवर रेला गायला जातो. जात्यावरच्या ओव्या आता विरळ झाल्या, पण भुलाबाईची गाणी अजून ऐकू येतात. ही गाणी आकाशातून पडलेली नाहीत. कधीतरी कोणीतरी बाईने एक ओळ वाकवली, एक स्वर लांबवला, शेजारणीला तो आवडला आणि चाल ठरली. आपण लोकसाहित्याच्या संकलनात त्यांचे शब्द उतरवून घेतो, खाली ‘पारंपरिक’ असे लिहितो आणि मोकळे होतो. चाल तर कित्येकदा उतरवतही नाही. ‘पारंपरिक’ हाही एका अर्थी आनंदघनच आहे : स्त्रीच्या रचनाबुद्धीला दिलेले सामूहिक टोपणनाव.

चित्र एकरंगी मात्र नाही. किशोरी आमोणकरांनी संत सोयराबाईंच्या ‘अवघा रंग एक झाला’ला दिलेली चाल आज त्या अभंगाचे रूपच होऊन बसली आहे. सोयराबाई आणि किशोरीताई यांच्यामध्ये सहा शतकांचे आणि सामाजिक स्थानाचे प्रचंड अंतर. ते त्या चालीने ओलांडले. डॉ. प्रभा अत्रे यांनी तर हा प्रश्न निःसंदिग्धपणे सोडवला. विज्ञान आणि कायदा या दोन्ही विषयांच्या पदव्या घेतलेल्या या गायिकेने सरगमवर प्रबंध लिहिला, आकाशवाणीत काम केले, मुंबईच्या एसएनडीटी विद्यापीठात संगीत विभागाचे प्रमुखपद सांभाळले. शेकडो बंदिशी रचल्या, ‘अपूर्व कल्याण’, ‘मधुरकंस’ यांसारखे राग बांधले आणि ‘स्वरमयी’सारख्या पुस्तकातून आपल्या विचारांची मांडणी केली. मैफलीत स्वतःच्या बंदिशी स्वतःच्या म्हणून गाणे, त्यामागचा विचार लिहून ठेवणे, परंपरेतील शब्द पटत नसतील तर तसे स्पष्ट सांगणे, हे त्यांनी आयुष्यभर केले. १३ जानेवारी २०२४ रोजी त्या गेल्या. त्यांच्या गळ्याइतकीच त्यांच्या बुद्धीचीही दखल घेणे भाग पडले, कारण दोन्हींवर एकच सही होती.

लताबाईंनी तसे केले नाही म्हणून त्यांना उणे देण्याचा माझा हेतू नाही. प्रत्येक कलावंत आपल्या काळाशी आपल्या परीने तडजोड करतो. त्यांच्या खांद्यावर कुटुंबाचा भार होता आणि त्यांचे नाव हेच त्या कुटुंबाचे भांडवल होते. ते पणाला न लावण्यात शहाणपण होते. प्रश्न आपला आहे. नाव उघड होऊन साठ वर्षे होत आली, तरी आपण आनंदघनला किश्शाच्या चौकटीतून बाहेर का काढले नाही? चित्रपटसंगीतावरील मराठी लेखनात वसंत पवार, राम कदम, सुधीर फडके यांच्या रचनाशैलीची जशी चर्चा होते, तशी आनंदघनच्या शैलीची का होत नाही? चारच चित्रपट, असे उत्तर कोणी देईल. पण बालकवींच्या कविता तरी किती? थोडके लिहिणाऱ्याला आपण ‘मोजके पण मोलाचे’ म्हणतो. थोडके रचणाऱ्या बाईच्या कामाला ‘छंद’ म्हणतो.

आम्हा मराठीच्या अध्यापकांना यात थोडे काही करता येण्याजोगे आहे. गीत शिकवताना आपण गीतकाराचे नाव फळ्यावर लिहितो. त्याच ओळीत चाल बांधणाऱ्याचे नावही लिहिता येईल. विद्यार्थी लोकगीते गोळा करून आणतात, तेव्हा गाणाऱ्या आजीचे नाव, तिने ते कोणाकडून घेतले आणि स्वतः त्यात काय बदलले, हे तिला विचारून आणि तिची संमती घेऊन नोंदवायला सांगता येईल. आजकाल प्रत्येकाच्या खिशात ध्वनिमुद्रणाचे यंत्र आहे. चालही टिपता येईल. आणि स्नेहसंमेलनात फेटे बांधलेली मुले रांगेत उभी राहिली, की निवेदकाच्या हातातील कागदावर ‘मर्दानी’ या शब्दाऐवजी एक साधे वाक्य लिहून देता येईल : गीत शांता शेळके, संगीत लता मंगेशकर. मुले तितक्याच जोशात नाचतील. समोर बसलेल्या मुलींपैकी एखादी कदाचित त्या रात्री घरी गेल्यावर पेटीचा भाता उघडून बघेल.